गोगलगायींचं औषध

१

मी पोचले तेव्हा बहाद्दर अजून जिवंत होता. मोहनरावांच्या फरसबंद अंगणात निंबाखाली आडवा पडून तो चारही पाय ताठ करत होता, सैल सोडत होता, पुन्हा ताठ करत होता. जवळून कुणी चाललं तरी त्याला अंगभर झटका यायचा. थर्मामीटर लावला तर पारा पार शेवटच्या रेघेला जाऊन टेकला.

"पाणी ओता अंगावर! बघत काय बसलात?" मी ओरडले. दगडाबाई, त्या घरची जुनी कामवाली, हौदाकडे धावली. मी झटके थांबवायचं इंजेक्शन दिलं, थोड्या वेळानं दुसरं दिलं. पण उशीर झाला होता. पावणेदोनच्या सुमारास कुत्र्यानं मान टाकली.

मी विजयमाला. धारूरच्या जनावरांच्या दवाखान्यात डॉक्टर. निवृत्तीला दीड वर्ष राहिलंय, गुडघे कुरकुरतात आणि तोंड फटकळ आहे, हे सगळा तालुका जाणतो. घाटाखालच्या या गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. जे झालं त्याची लाज त्या एका घराला वाटली तरी पुष्कळ आहे.

मोहनराव अडुसष्ट वर्षांचे, साठ एकरांचे धनी, दोनदा पंचायत समितीवर निवडून आलेले. पांढऱ्या धोतरावर कुत्र्याचं डोकं घेऊन ते फरशीवर बसले होते. बहाद्दर कारवान जातीचा, लांब तोंडाचा, उंच पायांचा शिकारी कुत्रा. आधीचा कुत्रा कुणाचं तरी टाकलेलं खाऊन मेला, म्हणून याला त्यांनी दोन वर्षं खपून शिकवलं होतं. घरच्या चौघांपैकी कुणीतरी 'हां' म्हटल्याशिवाय तो ताटलीतल्या दुधालाही तोंड लावत नसे. हे चौघे म्हणजे मोहनराव स्वतः, त्यांची बायको सत्यभामा, मुलगा अमरसिंह आणि दगडाबाई.

"अकराला सांगितलं होतं तुमाला बोलवायला," मोहनराव म्हणाले. "लई उशीर झाला, डॉक्टरीणबाई."

मला फोन आला तो बारा वाजून वीस मिनिटांनी.

अमरसिंह पुढं आला. तिशीचा, इस्त्रीचा शर्ट, मनगटात चांदीचं कडं. त्यानं मूठ उघडली. तळहातावर निळसर गोळ्या होत्या, बाजरीहून थोड्या मोठ्या.

"गोगलगायीचं औषध. अजिनाथच्या बांधावर पसरून ठेवलंय. त्यानंच मारलं कुत्रं."

"डॉक्टरीणबाई, कागद लिवा," मोहनराव म्हणाले. "माझ्या बटईदारानं वावरात इख टाकलं आन् त्यात कुत्रं मेलं, असं लिवा. आज सांजच्याला चार माणसांसमोर त्याची बटई मोडतो."

"उद्या सकाळी रोटाव्हेटर सांगून ठेवलाय," अमरसिंह म्हणाला. "चारही एकर साफ."

अजिनाथ हाच तो बटईदार, निम्म्या पिकाच्या वाट्यावर मोहनरावांचे चार एकर कसणारा. चार एकर सोयाबीन, दोन महिन्यांची मेहनत, एका सकाळीत मातीत. मी कागद काढला, पेन काढलं. मग सहज कुत्र्याचा पुढचा पाय सरळ करायला हातात घेतला. रात्रभर पाऊस लागला होता, तो सकाळी आठला उघडला होता. गाडीपासून फाटकापर्यंत येताना माझ्या चपलांना काळ्या मातीचे जाडजूड तळ चिकटले होते. ओतलेलं पाणी बहाद्दरच्या पाठीवर होतं, पंजे कोरडे होते. चारही पंजे मी उलटून पाहिले. बोटांच्या बेचक्यातसुद्धा चिखलाचा कण नव्हता.

मी पेन परत पर्समध्ये ठेवलं.

२

"कागद संध्याकाळी देते," मी म्हणाले. "आधी वावर बघू द्या."

अमरसिंहाला ते आवडलं नाही, पण वडिलांसमोर त्याला नाही म्हणता येईना.

निघण्याआधी मी कुत्र्याची ओकारी काचेच्या बाटलीत भरून घेतली. प्रयोगशाळेचा निकाल यायला तीन आठवडे लागतात आणि रोटाव्हेटर यायला एक रात्र, म्हणून डोळ्यांनी दिसेल तेवढं तरी बघावं म्हटलं. पांढऱ्या मऊ शिजलेल्या दाण्यांचा दह्यात कालवलेला गोळा होता. बाहेरून पांढराच. काडीनं फोडला तर आत निळ्या गोळ्या, एकमेकींना चिकटून बसलेल्या. पांढरे दाणे तांदळाहून बारीक होते. ती भगर होती.

आता गोगलगायींविषयी थोडं सांगते, नाहीतर पुढचं कळायचं नाही. गेली काही वर्षं आमच्या भागात शंखी गोगलगायी सोयाबीनच्या मुळावर उठल्यात. दिवसा त्या बांधाच्या दगडाखाली, गवताखाली लपतात. अंधार पडला की बाहेर येतात आणि दोन पानांचं कोवळं रोप देठापासून खातात. सकाळी शेतकरी बघतो तर ओळीच्या ओळी गायब. त्यावर हे निळं औषध मिळतं. गोगलगायींना ते खमंग लागतं आणि दुर्दैवानं कुत्र्यांनाही लागतं. मूठभर पोटात गेलं तर तासाभरात कुत्रं थरथरायला लागतं.

म्हणून जूनमध्येच मी या गावच्या देवळात सभा घेतली होती. घसा फोडून सांगितलं होतं: गोळ्या टाकायच्याच असतील तर दिवेलागणीला टाका, बांधाकडेला ओल्या पोत्याखाली चिमूट चिमूट टाका. सकाळी उरलेल्या गोळ्या आणि मेलेल्या गोगलगायी उचलून पुरा. तेवढे दिवस कुत्री बांधा, कोंबड्या कोंडा. बायका नीट ऐकत होत्या. पुढच्या खुर्चीवर अमरसिंह होता, पाहुण्याला नारळ द्यायला आलेला. तो सगळा वेळ फोनमध्ये डोकं घालून बसला होता.

बांधावर पोचलो. अमरसिंहानं बोट दाखवलं. "हे बघा."

गोळ्या होत्या खऱ्या. बांधाच्या माथ्यावर, उघड्यावर, मुठी-मुठीनं फेकलेल्या. मी खाली बसले. गुडघ्यांनी शिव्या दिल्या. एक गोळी चिमटीत धरून दाबली. ती कडक होती, मोडताना कट्‌ असा आवाज झाला. आजूबाजूला मी नीट पाहिलं. एकही मेलेली गोगलगाय नव्हती, त्यांचा चिकट माग नव्हता.

"कधी टाकल्यात म्हणे?"

"काल सांजच्याला. गावात कुणालाबी इचारा, तो बांधावर वाकून काही करत व्हता."

"मग ठीक आहे," मी म्हणाले. थोड्या गोळ्या पुडीत बांधल्या आणि त्याला सांगितलं, "भैय्या, तुम्ही व्हा पुढं. मला अजिनाथशी एकटीनं बोलायचंय."

तो घरी गेला नाही. पार वळणापर्यंत जाऊन तिथं उभा राहून बघत राहिला.

३

अजिनाथ आणि त्याची बायको मंजुळाबाई पत्र्याच्या खोपटासमोर उभी होती. दोघंही चाळिशीची. बातमी त्यांना कळली होती. मंजुळाबाईंच्या पायाशी एक निळा ड्रम होता, त्यात मिठाच्या पाण्यात शेकडो गोगलगायी तळाला बसल्या होत्या.

"आमी हातानं येचतो, मॅडम," अजिनाथ म्हणाला. "रोज सांजच्याला बारदान भिजवून बांधाला टाकायचं, सकाळी उलटं करायचं, खाली बसलेल्या गोळा करायच्या. काल तेच करत व्हतो. औषध घरात आणलंबी न्हाई. आमच्या कोंबड्या हायेत ना."

"कोंबड्यांवरून तुझं आणि मालकांचं वाजलं होतं म्हणे?"

त्यानं बायकोकडं पाहिलं. मंजुळाबाई मात्र गप्प बसणाऱ्यातल्या नव्हत्या. "वाजलं म्हंजे काय! बहाद्दरनं माझ्या दोन तलंगा मारल्या. खाल्ल्या बी न्हाईत, मान मोडून टाकून दिल्या. ह्यो म्हणला, आता आला तर बघून घेतो. रागात म्हणला, मॅडम. त्या दिसापासून मालक बाहेर गेले की कुत्रं साखळीला असायचं."

"बघून घेतो, हे किती जणांनी ऐकलं?"

"सगळ्या गावानं," अजिनाथ मान खाली घालून म्हणाला.

"आज सकाळी कुठं होता दोघं?"

"सोमेश्वरच्या जीपनं साडेसातला धारूरला गेलतो. पोरीच्या दाखल्यासाठी तहसीलला. पोरगी, मनिषा, ती बी संगं व्हती. बाराच्या पुढं आलो."

सोमेश्वरला मी तिथूनच फोन लावला. त्यानं तिघांची नावं सांगितली, मनिषाला दारातली सीट दिली तेही सांगितलं, आणि परत येताना पंक्चर झालं त्याचं रडगाणंही ऐकवलं.

मनिषा खोपटात पुस्तक उघडून बसली होती. बारावीला आहे, नर्सिंगला जायचं म्हणते. पुस्तकाचं पान मी असेपर्यंत तिनं एकदाही उलटलं नाही. मंजुळाबाईंचा आवाज एकदम खाली आला.

"दोन वर्सं झाली, आमी कोयता हातात धरला न्हाई. मालकानं ही बटई दिली म्हून. पोरीची साळा पयल्यांदा सलग झाली. न्हाईतर दर दसऱ्याला कारखान्यावर, सा-सा महिने. आता चार एकर मोडलं तर पुन्हा ट्रॉलीत बसायचं. आन् हिला कुठं ठिवू? पोर बारावीला हाय."

ऊसतोडीला गेलेल्या बिऱ्हाडातली किती हुशार पोरं मी अशी मधेच सुटताना पाहिलीत, त्याची मोजदाद नाही.

परत निघताना बांधाच्या कोपऱ्यावर लाल रंगानं टोकं रंगवलेल्या खुंट्या दिसल्या. एकूण सहा.

"ह्या कसल्या?"

"सोलरवाले शनवारी आलते, मापं घेऊन गेले," अजिनाथ म्हणाला. "भैय्याला जिमीन त्यांना द्यायची हाय, आन् त्यांना ती म्हैन्याअखेर मोकळी पायजे. मालक न्हाई म्हणले. म्हणले, पेरा झाला की राशीपर्यंत बटई मोडत न्हाई, माझ्या बापानं मोडली न्हाई, मी बी मोडणार न्हाई. बटईदारानं घात केला तरच मोडते, असा हितला रिवाज हाय."

घात केला तरच. वळणावर पाहिलं तर अमरसिंह तिथं नव्हता. माझ्याआधी घरी पोचायची त्याला घाई झाली होती.

४

मी मागच्या दारानं आत गेले. हौदावर दगडाबाई भांडी घासत होती. साठीची, काटक बाई. डोळे सुजलेले.

"कुत्र्यासाठी रडलात?"

"कुत्र्यासाठी कावून रडीन? मागल्या साली पोटरीला चावलंय मला." तिनं लुगडं वर करून व्रण दाखवला. "माझ्या इज्जतीसाठी रडले. चाळीस वर्सं या घरात काढली, आज मालकीणबाईनं मला चोर म्हणलं."

"कशाची चोरी?"

"भगरीची!" ती भांडं आपटून म्हणाली. "आज मंगळवार. या घरात मंगळवारी आंबाजोगाईच्या योगेश्वरीचा उपास असतो, चूल एकच, भगर आन् दाण्याची आमटी. आधी देवीला निवद, मग माणसांना. उपास धरत न्हाई तो फकस्त भैय्या. मालकीणबाई नवाला भगर शिजवून, पातेलं झाकून अंघोळीला गेल्या. मी हितं हौदावर. साडेधाला निवदाचं ताट वाढायला गेल्या, तर पातेल्यात कुणी तरी कडेनं उकरलेलं. दह्याचं गाडगं बी उघडं. माझ्यावरच आल्या. म्हणल्या, निवद उष्टावलास. आवो, मी सोता मंगळवार धरती! निवदाआधी देवीच्या भगरीला हात लावीन मी?"

"मग काय केलं त्यांनी?"

"सगळी भगर गाईपुढं टाकली आन् दुसरी शिजवली. मला म्हणल्या, सैपाकघरात पाय टाकू नको."

मी स्वयंपाकघरात गेले. सत्यभामावहिनी देवघरासमोर बसल्या होत्या. जाड भिंगांचा चष्मा, हातात जपमाळ, पण मणी पुढं सरकत नव्हता.

"वहिनी, सकाळी भगर कुणी उकरली?"

"दगडीनं. दुसरं कोण असणार?" त्या पटकन म्हणाल्या. जरा जास्तच पटकन.

"मोहनराव कुठं होते?"

"सोसायटीच्या मीटिंगला. नवाला गेले, पावणेअकराला आले. आले तं कुत्रं थरथरत व्हतं."

"आणि अमरसिंह?"

जपमाळेचा एक मणी सरकला. "तो... मळ्याकडं चक्कर मारायला गेलता. धाच्या आसपास."

"जायच्या आधी घरातच होता?"

त्या माझ्याकडं बघेनात. देवीच्या तसबिरीकडंही बघेनात. "डॉक्टरीणबाई," त्या हळूच म्हणाल्या, "लिवा ना तेवढं अजिनाथचं नाव. गरिबाला काय, कुठंबी काम मिळतं."

मला इतका संताप आला की मी पाणीसुद्धा न पिता बाहेर आले. या बाईला सकाळपासून सगळं कळलेलं होतं. आपल्या पोराचं पाप तिनं चाळीस वर्षं घरात राबलेल्या बाईवर ढकललं होतं आणि आता दुसऱ्यावर ढकलायला मला सांगत होती.

ओसरीवर माणसं जमायला लागली होती. पोलीस पाटील आले होते. अजिनाथ आणि मंजुळाबाईंना बोलावणं गेलं होतं. मोहनराव खांबाला टेकून बसले होते आणि त्यांच्या उजव्या हाताला अमरसिंह होता.

"झाला का कागद?" त्यानं विचारलं.

"झाला," मी म्हणाले. "वाचूनच दाखवते. सगळ्यांना ऐकू द्या."

५

खरं तर मी मोहनरावांना बाजूला घेऊन सांगू शकले असते. तो विचार मनात आला होता आणि मी तो झटकला. तीस वर्षं लोक मला फक्त ढोरांची बाई म्हणत आले. आज ओसरीभर माणसं माझ्या तोंडाकडं बघत होती आणि मला ते आवडलं. हे लिहून ठेवते, कारण पुढचं त्यामुळं झालं.

"कुत्रं गोगलगायींच्या औषधानंच मेलं," मी सुरुवात केली. अमरसिंहाचे खांदे सैल पडले. "पण अजिनाथच्या वावरात नाही. बहाद्दर आज वावरात गेलाच नव्हता. रात्रभराच्या पावसानंतर या मातीत चार पावलं टाकली तर माणूस चिखलानं जड होतो. त्याचे पंजे तुम्ही आत्ता जाऊन बघा. चारही स्वच्छ आहेत."

पोलीस पाटील उठून निंबाखाली गेले, वाकून पाहिलं आणि परत येऊन बसले.

"दुसरं. बांधावरच्या गोळ्या." मी पुडी उघडून त्यांच्या हातात दिली. "दाबून बघा. कडक आहेत. हे औषध पावसात भिजलं की फुगतं, त्याचा भुगा होतो. काल संध्याकाळी टाकलं असतं तर सकाळी गोळी उरली नसती. आणि उरल्या असत्या त्यांच्याभोवती मेलेल्या गोगलगायी पडल्या असत्या. तिथं एक नाही. म्हणजे पाऊस उघडल्यावर, आठनंतर, दिवसाढवळ्या कुणीतरी त्या फेकल्यात. साडेसात ते बारा अजिनाथ, मंजुळाबाई आणि मनिषा तिघंही धारूरला होती. सोमेश्वरला विचारा. आणि ज्यानं कधी वावरात काम केलंय तो हे औषध बांधाच्या माथ्यावर उन्हात फेकणार नाही. ज्याला फक्त दाखवायचंय तोच फेकेल."

"आवो पण कुत्र्यानं खाल्लं कुठं?" मोहनरावांनी विचारलं. ते आता ताठ बसले होते.

"घरात. ओकारीत दह्यात कालवलेली भगर होती आणि गोळ्या भगरीच्या गोळ्याच्या आत दडवलेल्या होत्या. मंगळवारची भगर तुमच्याच चुलीवर शिजते. तुमच्या कुत्र्याला कुणीही परकं खाऊ घालू शकत नाही, ते तुम्हीच शिकवलंय. कोंबड्या मारल्या तेव्हाही त्यानं त्या खाल्ल्या नव्हत्या. म्हणजे घरच्या चौघांपैकी एकानं पुढं ठेवून 'हां' म्हटलं."

दोघातिघांनी अमरसिंहाकडं पाहिलं.

"नऊ ते साडेदहाच्या मध्ये पातेलं उकरलं गेलं. तेव्हा तुम्ही मीटिंगला होता. वहिनी देवीच्या आधी कुत्र्याला वाढणार नाहीत, उष्टावली म्हणून त्यांनी सगळी भगर टाकून दिली. दगडाबाईचा स्वतःचा उपास आहे, कुत्र्यावर राग असला तरी देवीच्या पातेल्यात ती हात घालणार नाही. मटण, अंडं घालून विष देता आलं असतं, पण मंगळवारी या घरात ते सापडत नाही. हाताशी भगर होती. जो उपास धरत नाही आणि निवदाचं ज्याला काही वाटत नाही, त्यानं ती घेतली. मग दहाला तो मळ्याकडं गेला. त्या चार एकरांत खुंट्या रोवून सोलरवाले महिन्याअखेरची वाट बघतायत. आणि बटई मोडायला घातच लागतो."

"तोंड सांभाळून बोला, मॅडम!" अमरसिंह उभा राहिला. "पुरावा काय? म्हातारीनं खाल्लीया भगर!"

दगडाबाई ओसरीच्या कडेला उभी होती. तिनं फक्त पदर तोंडाला लावला.

मोहनरावांनी मुलाकडं पाहिलं नाही. ते माझ्याकडं बघत होते. "डॉक्टरीणबाई, तुमाला फोन किती वाजता आला?"

मी मोबाईल काढून त्यांच्यासमोर धरला. बारा वीस. अमरसिंहाचं नाव.

"मी अकराला सांगितलं व्हतं," ते हळूहळू म्हणाले. "दर धा मिंटांनी इचारत व्हतो, लागला का. तू म्हणत व्हतास रेंज न्हाई. मी त्याचं डोकं धरून बसलो व्हतो आन् तू समोर उभा राहून बघत व्हतास. वेळेवर आल्या असत्या तं वाचला असता का?"

हा प्रश्न मला होता. "सांगता येत नाही," मी म्हणाले. मग खरं ते बोलले. "बहुतेक वाचला असता."

"कुत्रं व्हतं!" अमरसिंह किंचाळला. "माणूस न्हाई मारला कुणी! एका कुत्र्यापायी अन् ह्या कोयतेवाल्यापायी तुमी घरच्या पोराला..."

तो मधेच थांबला, पण बोलायचं ते बोलून गेला होता. मोहनराव उठले. मला वाटलं मारतात. ते त्याच्यासमोरून चालत गेले, अजिनाथपुढं उभे राहिले आणि त्या साठ एकरांच्या धन्यानं बटईदाराला हात जोडले.

"बटई मोडत न्हाई. पुढल्या सालीबी तुझीच. माझ्या जिवात जीव हाय तवर."

अजिनाथ रडायला लागला. पोलीस पाटलांनी मान हलवली. मी मंजुळाबाईंकडं पाहिलं. त्या रडत नव्हत्या, हसतही नव्हत्या. त्या एकटक अमरसिंहाकडं बघत होत्या, आणि तो त्यांच्याकडं.

६

मी खरा तोच अहवाल लिहिला. मोहनरावांनी त्याला अडकाठी केली नाही. दुसऱ्या दिवशी ठाण्यात नोंद झाली, अमरसिंह संध्याकाळपर्यंत घरी परत आला. कुत्रं मारल्याची शिक्षा काय असते ते वकिलांनी त्याला समजावून सांगितलं असणार, कारण नंतर तो बराच निर्धास्त दिसायचा.

पुढचं मला दगडाबाईकडून कळत गेलं. त्यानं काही केलं नाही. तेच भयंकर होतं. रोज दिवस कलला की मोटारसायकल घेऊन तो अजिनाथच्या बांधावर यायचा, गाडी बंद करायचा आणि उभा राहायचा. बोलायचा नाही. मनिषाची बस फाट्यावर यायची, तिथून खोपटापर्यंतच्या रस्त्यावर तो हळूहळू तिच्या मागं गाडी चालवायचा. हाक नाही, खाकरणं नाही. कशाची तक्रार करणार? मोहनराव ऑगस्टात आजारी पडले, अंथरुणालाच खिळले. मंजुळाबाईंनी प्यायचं पाणी मालकांच्या विहिरीवरून आणायचं बंद केलं, अर्ध्या कोसावरच्या हापशावरून आणायला लागल्या. कोंबड्या विकून टाकल्या. सप्टेंबरमध्ये मनिषाचं कॉलेज बंद झालं.

सोयाबीनची रास झाली. पुढच्या सालच्या बटईला मंजुळाबाई नाही म्हणाल्या.

नोव्हेंबरात धारूरच्या घाटात मला ट्रॅक्टर दिसला. ट्रॉलीत बिऱ्हाडं रचलेली, बाजा, पत्रे, भांडी, वर माणसं. मी गाडी थांबवली, ओरडून ट्रॅक्टरही थांबवला. मनिषा सगळ्यात वर बसली होती, डोक्याला टॉवेल गुंडाळलेला. तिनं मला ओळखलं आणि तोंड दुसरीकडं फिरवलं. अजिनाथनं नमस्कार केला. मंजुळाबाई ट्रॉलीच्या फळीला धरून खाली वाकल्या.

"तिला माझ्याकडं ठेवा," मी म्हणाले. "माझं घर मोकळंच आहे. परीक्षा होईपर्यंत राहील."

"आता तिचं मन न्हाई, मॅडम. नगं म्हणती ती."

ट्रॅक्टरवाल्यानं हॉर्न वाजवला.

"तुमी खरं बोललात," मंजुळाबाई म्हणाल्या. त्यांच्या बोलण्यात राग नव्हता, त्या खरंच विचारत होत्या. "आमच्यासाठीच बोललात, ते मला ठावं हाय. पण मॅडम, आमी तिथंच ऱ्हानार व्हतो. मग आमच्या देखत, त्याच्या तोंडावर कावून बोललात?"